शिष्यवृत्ती थकली म्हणून अडवलेल्या गुणपत्रिका: कळव्यातलं एक प्रकरण

विद्यार्थिनी कळव्याची. ठाणे-बेलापूर रस्त्यालगतच्या एका कायम विनाअनुदानित महाविद्यालयातून तिनं बी.एस्सी. आयटी केलं. शेवटच्या सत्राचा निकाल ऑनलाइन लागला, चांगल्या गुणांनी पास झाली आणि नवी मुंबईतल्या दुसऱ्या एका महाविद्यालयात एम.एस्सी.च्या दुसऱ्या गुणवत्ता यादीत तिचं नाव आलं. प्रवेश पक्का करायचा तर शेवटच्या वर्षाची मूळ गुणपत्रिका, टीसी आणि पडताळणीसाठी दहावी-बारावीच्या मूळ गुणपत्रिका हव्या होत्या. यातला एकही कागद तिच्या घरी नव्हता. सगळे जुन्या महाविद्यालयाच्या कपाटात. खिडकीवर सांगण्यात आलं, "अकाउंटला बाकी दिसतेय. आधी फी भर, मग कागद."

मी ठाण्यात वकिली करते आणि विद्यार्थ्यांना शिक्षणाच्या प्रश्नांवर मोफत सल्ला देते. निकालांचे दिवस आले की हीच तक्रार घेऊन मुलं येतात. हक्क असूनही त्यांतली कितीतरी रिकाम्या हातानं फिरत राहतात, कारण त्यांची मागणी तोंडी असते आणि "माझे कागद द्या" अशी सरसकट असते. या प्रकरणात आम्ही कागद वेगवेगळे केले, प्रत्येक कागद कोणाचा आणि त्याला कोणता नियम लागतो हे लेखी मांडलं, आणि तिथून गाडं हललं. म्हणून हे सविस्तर लिहिते आहे. विद्यार्थिनीची संमती घेतली आहे. तिची, महाविद्यालयाची आणि विद्यापीठाची ओळख पटेल असे तपशील काढले आहेत.

बाकी आली कुठून

वडील तुर्भ्याच्या एमआयडीसीत कंत्राटी मशीन ऑपरेटर, आई घरी शिलाईकाम करते. फीचा मोठा भाग महाडीबीटीवरच्या (राज्य शासनाच्या शिष्यवृत्ती पोर्टलवरच्या) एका शासकीय शिक्षणशुल्क योजनेतून येणार, या भरवशावर प्रवेश घेतला होता. प्रवेशाच्या दिवशी महाविद्यालयानं एक छापील हमीपत्र भरून घेतलं. त्यात दोन वाक्यं होती. पहिलं: शिष्यवृत्ती नामंजूर झाल्यास किंवा उशिरा आल्यास पूर्ण फी भरण्याची जबाबदारी विद्यार्थी व पालकांची राहील. दुसरं: फी पूर्ण भरेपर्यंत विद्यार्थ्याची मूळ कागदपत्रे महाविद्यालयाच्या ताब्यात राहतील. खाली मुलीची आणि वडिलांची सही. वाचून घ्यायला वेळ मिळाला नव्हता; मागे रांग होती आणि क्लार्क पान उलटून सहीची जागा दाखवत होता.

तीन वर्षांनी महाविद्यालयानं दाखवलेली बाकी ४१,५०० रुपये. हा आकडासुद्धा तोंडीच सांगितला गेला. मागितल्यावर क्लार्क मॅडमनी एका चिठ्ठीवर पेनानं लिहून दिला, शिक्का नाही, तारीख नाही, वर्षवार फोड नाही. माझ्याकडे येताना मुलगी ती चिठ्ठी घेऊन आली होती आणि "ताई, एवढे पैसे आता कुठून आणू?" हाच तिचा पहिला प्रश्न होता. कागदांचा हक्क वगैरे तिच्या मनातही नव्हतं. बाकी आहे म्हटल्यावर कागद अडवले जाणारच, असं तिनं धरूनच चाललं होतं. तिच्या वडिलांनीही. ही समजूत इतकी घट्ट बसली आहे की आधी तीच सोडवावी लागते.

जे उपाय सुचवले गेले

माझ्याकडे येण्याआधी घरच्यांनी हातपाय मारले होतेच. वडील परिसरातल्या एका पक्षाच्या शाखेत गेले. तिथून महाविद्यालयाला फोन गेला, समोरून "बघतो" असं उत्तर आलं. ठाण्यात-कळव्यात अडल्या नडल्या माणसाला शाखेचा आधार वाटतो आणि कधीकधी कामं होतातही, त्याला मी नावं ठेवणार नाही. पण फोनची कुठेच नोंद राहत नाही. उद्या कोणाकडे दाद मागायची झाली तर हातात दाखवायला काही उरत नाही.

एका ओळखीच्या माणसानं सल्ला दिला की वाशीला बोर्डाच्या विभागीय मंडळात जाऊन दहावी-बारावीच्या दुय्यम गुणपत्रिका काढून घ्या, भांडत बसू नका. वरवर सोपा वाटणारा हा सल्ला धोक्याचा आहे. दुय्यम प्रत मागताना मूळ प्रत हरवली किंवा खराब झाली असं सांगावं लागतं. कागद कुठल्या कपाटात आहे हे माहीत असताना तो हरवला असं प्रतिज्ञापत्र करणं म्हणजे खोटं प्रतिज्ञापत्र, आणि तो गुन्हा आहे. हक्काचा कागद मिळवण्यासाठी विसाव्या वर्षी मुलीनं खोटी शपथ घ्यावी, हे मला कदापि मान्य नव्हतं.

तिसरा सल्ला ग्राहक आयोगाचा. फी भरतो म्हणजे आपण ग्राहक, असं लोकांना वाटतं. सर्वोच्च न्यायालयानं २००९ साली बिहार शालेय परीक्षा मंडळाच्या प्रकरणात आणि २०१० साली महर्षी दयानंद विद्यापीठाच्या प्रकरणात परीक्षा आणि पदवीच्या बाबतीत विद्यार्थी ग्राहक ठरत नाही असा निर्णय दिला आहे. त्या वाटेनं गेलो असतो तर आधी हाच वाद महिनोन्महिने चालला असता. प्रवेशाची शेवटची तारीख तोंडावर आलेली असताना ही चैन परवडणारी नव्हती.

कागदांची विभागणी

पहिल्या बैठकीत आम्ही एका कोऱ्या कागदावर तीन रकाने आखले.

पहिल्या रकान्यात विद्यार्थिनीनं स्वतः जमा केलेले कागद: दहावी आणि बारावीच्या मूळ गुणपत्रिका. हे तिचेच. पहिल्या वर्षाच्या प्रवेशाला "व्हेरिफिकेशनसाठी" म्हणून घेतले आणि परत दिलेच नाहीत. इथे नियम अगदी स्वच्छ आहे. विद्यापीठ अनुदान आयोगानं ऑक्टोबर २०१८ मध्ये फी परतावा आणि मूळ प्रमाणपत्रं ठेवून न घेण्याबाबत अधिसूचना काढली. प्रवेशाच्या वेळी मूळ कागद विद्यार्थ्यासमोर तपासायचे, स्वसाक्षांकित प्रती ठेवून घ्यायच्या आणि मूळ कागद लगेच परत करायचे, असं ती सांगते. कोणत्याही सबबीवर मूळ प्रमाणपत्रं संस्थेच्या ताब्यात ठेवायला त्यात मनाई आहे. फी बाकी आहे की नाही, हा प्रश्न या रकान्यात येतच नाही. पहिल्याच दिवशी परत द्यायचे कागद तीन वर्षं ठेवून घेतले गेले होते.

दुसऱ्या रकान्यात विद्यापीठानं दिलेले कागद: शेवटच्या वर्षाची गुणपत्रिका, पुढे येणारं पदवी प्रमाणपत्र. परीक्षा विद्यापीठानं घेतली, परीक्षेची फी विद्यार्थिनीनं भरली, निकाल विद्यापीठानं लावला. छापील गुणपत्रिका वाटपासाठी महाविद्यालयाकडे येते, एवढाच महाविद्यालयाचा त्यात भाग. दुसऱ्यानं दिलेली वस्तू पोचवणाऱ्यानं आपल्या येण्यापोटी अडवून ठेवण्यासारखं हे आहे. पदवी प्रमाणपत्राबाबत तर आयोगाच्या २००८ च्या पदवीप्रदान विनियमांत मुदतच ठरलेली आहे: विद्यार्थी पदवीला पात्र ठरणं अपेक्षित असलेल्या तारखेपासून १८० दिवसांच्या आत पदवी दिली गेली पाहिजे.

तिसऱ्या रकान्यात महाविद्यालय स्वतः देतं ते कागद: टीसी, बोनाफाईड, चारित्र्य दाखला. इथे महाविद्यालयाची बाजू थोडी तरी उभी राहते, कारण टीसीआधी ग्रंथालय, प्रयोगशाळा आणि लेखा विभागाच्या सह्यांचा नो ड्यूज फॉर्म भरून घेण्याची पद्धत सगळीकडे आहे. पुस्तक परत केलं की नाही हे तपासणं गैर नाही. पण नो ड्यूज ही तपासणीची पद्धत आहे, वसुलीचं हत्यार नव्हे. मद्रास उच्च न्यायालयाच्या खंडपीठानं जुलै २०२४ मध्ये शाळांच्या टीसीबद्दल हेच सांगितलं: टीसी हा मुलाचा वैयक्तिक दस्तऐवज आहे, थकलेली फी वसूल करण्याचं साधन नाही, आणि फी बाकी असल्याचा शेरा त्यावर मारता येणार नाही. तो निर्णय शाळांबाबतचा आणि तामिळनाडूचा; महाराष्ट्रातल्या महाविद्यालयाला तो थेट बांधील नाही. मी मुलीला हे स्पष्ट सांगितलं. आपल्या बाजूचा आधार कुठे भक्कम आहे आणि कुठे जरा सैल आहे हे अर्जदाराला माहीत असलं, तर समोरच्यानं पहिला आक्षेप घेताच त्याचा धीर सुटत नाही.

हमीपत्राचा पेच

महाविद्यालयाकडे बोलायला एकच मुद्दा होता, तो म्हणजे हमीपत्रातलं दुसरं वाक्य. त्याचा विचार मी बराच वेळ केला, कारण वसुली करणारा वकील असता तर त्यानं नेमकं त्याच्यावरच बोट ठेवलं असतं.

येणं वसूल होईपर्यंत दुसऱ्याची वस्तू अडवून ठेवण्याच्या हक्काला धारणाधिकार म्हणतात. भारतीय करार अधिनियम, १८७२ च्या कलम १७१ मध्ये तो बँका, अडते, धक्कामालक, उच्च न्यायालयातले वकील आणि विमापत्रांचे दलाल यांना दिलेला आहे. बाकी कोणालाही तो हवा असेल तर तसा स्पष्ट करार लागतो. महाविद्यालय या यादीत कुठेच नाही. मग उरतो "स्पष्ट करार", म्हणजे हे हमीपत्र. ते तीन ठिकाणी कोसळतं.

एक, सही केली त्या दिवशी मुलगी सतरा वर्षांची होती. बारावीनंतर प्रवेश घेणाऱ्या कित्येक मुलांना अठरा पूर्ण झालेली नसतात. अज्ञान, म्हणजे अठरा पूर्ण न झालेल्या, व्यक्तीनं केलेला करार मुळातच शून्य, हे प्रिव्ही कौन्सिलनं (ब्रिटिश काळातल्या सर्वोच्च अपील न्यायालयानं) १९०३ साली मोहरीबीबी प्रकरणात सांगितल्यापासून आपल्याकडचा पक्का कायदा आहे. राहिली वडिलांची सही. तिच्या आधारे फार तर वडिलांकडे पैसे मागता येतील. मुलीच्या गुणपत्रिका त्यानं गहाण पडत नाहीत.

दोन, ज्या गोष्टीला नियमानं मनाई आहे ती करारात लिहून कायदेशीर होत नाही. करार अधिनियमाचं कलम २३ कायद्याला हरताळ फासणारा किंवा सार्वजनिक धोरणाविरुद्ध असलेला हेतू अवैध ठरवतं. आयोगानं मूळ कागद ठेवून घ्यायला मनाई केली असताना "कागद आमच्या ताब्यात राहतील" हे वाक्य छापणं म्हणजे मनाईच्या तोंडावर मनाई मोडणं.

तीन, गुणपत्रिका विकून पैसे उभे करता येत नाहीत. तिची किंमत फक्त जिच्या नावाची आहे तिलाच. मद्रास उच्च न्यायालयानं एका प्रकरणात याच कारणावरून शैक्षणिक प्रमाणपत्रांना कलम १७१ लावायला नकार दिला आहे. अशी वस्तू अडवून ठेवण्यात तारणाचा काहीच अर्थ उरत नाही. उरतो तो फक्त दबाव, आणि तोही ज्या मुलीचं पुढचं वर्ष पणाला लागलंय तिच्यावर. या ठिकाणी मला मनापासून राग येतो. ४१,५०० रुपयांसाठी संस्था दिवाणी दावा लावू शकते, नोटीस देऊ शकते, हप्ते ठरवून घेऊ शकते. सगळे रस्ते मोकळे असताना ती सर्वांत दुबळ्या पक्षाचं सर्वांत नाजूक काही पकडून ठेवते.

हमीपत्राचं पहिलं वाक्य मात्र मी हलक्यात घेतलं नाही. खरोखर देणं असेल ते द्यावंच लागेल, हे मुलीच्या वडिलांना मी पहिल्याच भेटीत सांगितलं. "मॅडम, बुडवायची नाहीच आहे आम्हाला," ते म्हणाले. त्यामुळे पुढची पत्रं लिहिणं सोपं गेलं. देणं नाकारायचं नव्हतं. देणं आणि कागद यांची सांगड तोडायची होती.

अर्ज

तीन रकान्यांचे तीन वेगळे अर्ज केले, सगळे मुलीच्याच सहीचे. वकिलाची नोटीस मी मुद्दाम टाळली. नोटीस गेली की प्राचार्य फाईल संस्थेच्या वकिलाकडे पाठवतात आणि मग उत्तर यायला वेळ लागतो. विद्यार्थिनीच्या साध्या अर्जाला मात्र प्राचार्यांना स्वतः तोंड द्यावं लागतं. पहिल्या अर्जाचा गाभा असा होता:

"मी सन … मध्ये प्रथम वर्षास प्रवेश घेताना माझ्या इयत्ता दहावी व बारावीच्या मूळ गुणपत्रिका पडताळणीसाठी जमा केल्या होत्या. त्या अद्याप परत मिळालेल्या नाहीत. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या ऑक्टोबर २०१८ च्या अधिसूचनेनुसार मूळ प्रमाणपत्रे संस्थेस ठेवून घेता येत नाहीत. कृपया त्या तात्काळ परत कराव्यात. परत करण्यास नकार असल्यास नकाराचे कारण व नियम लेखी कळवावा."

शेवटचं वाक्य सर्वांत महत्त्वाचं. तोंडी "नाही" म्हणणं सोपं असतं. तेच लेटरहेडवर, सहीशिक्क्यानिशी, नियमाचा हवाला देऊन लिहायची वेळ आली की हात आखडतो. इथेही तेच झालं.

अर्जाची पोच घेताना खिडकीवर थोडी ओढाताण झाली. "असे अर्ज आम्ही घेत नाही" असं उत्तर आलं. आधीच ठरवल्याप्रमाणे मुलीनं वाद घातला नाही. तोच अर्ज प्राचार्यांच्या अधिकृत ईमेलवर पाठवला आणि स्पीड पोस्टानंही टाकला. दुसऱ्या दिवशी ती परत गेली तेव्हा आवक क्रमांक आणि शिक्का मारलेली ओसी (अर्जाची पोच असलेली प्रत) तिच्या हातात होती. आवक क्रमांक म्हणजे या सगळ्या लढाईचा पहिला पुरावा, हे मी प्रत्येक मुलाला सांगते.

दुसरा अर्ज विद्यापीठाच्या परीक्षा विभागाला: माझी छापील गुणपत्रिका महाविद्यालयाकडे कोणत्या तारखेला पाठवली ते कळवावं, आणि महाविद्यालय ती देत नसल्यानं मला थेट द्यावी किंवा महाविद्यालयाला तसे निर्देश द्यावेत. सोबत दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून माहितीच्या अधिकाराचा अर्जही टाकला. खासगी विनाअनुदानित महाविद्यालय स्वतःला माहिती अधिकाराबाहेरचं म्हणवून घेऊ शकतं, पण विद्यापीठाला ती पळवाट नाही. तीस दिवसांच्या मुदतीचा प्रवेशाच्या तारखेला उपयोग नव्हता. तो अर्ज पुढच्या पायरीसाठी होता.

तिसरा अर्ज टीसीचा, आणि त्याच्यासोबत बाकीचा वर्षवार हिशेब मागणारं पत्र. त्यात स्वच्छ लिहिलं होतं की जी रक्कम खरोखर देय निघेल ती हप्त्यानं भरायची तयारी आहे, मात्र त्यावर टीसी अवलंबून ठेवू नये. या पत्राची प्रत पनवेलच्या विभागीय उच्च शिक्षण सहसंचालक कार्यालयाला पाठवली.

मधल्या काळात प्रवेश

इकडे हे चालू असताना नव्या महाविद्यालयाची मुदत संपत होती. तिथे मुलीनं दहावी-बारावीच्या गुणपत्रिका डिजिलॉकरमधून काढून दाखवल्या. राज्य मंडळाच्या गुणपत्रिका तिथे मिळतात, आणि डिजिलॉकरमध्ये थेट संस्थेकडून आलेला दस्तऐवज केंद्राच्या २०१६ च्या नियमांनुसार मूळ प्रतीच्या बरोबरीचा मानला जातो. शेवटच्या वर्षासाठी ऑनलाइन निकालाची प्रत दिली, आणि टीसीसाठी केलेल्या अर्जाची आवक क्रमांक असलेली ओसी जोडली. त्या ओसीमुळेच काम झालं. मुलगी निष्काळजी नाही, कागद समोरच्या संस्थेनं अडवलाय, हे नव्या प्राचार्यांना एका नजरेत दिसलं. त्यांनी ठरावीक मुदतीत मूळ कागद देण्याच्या लेखी अटीवर तात्पुरता प्रवेश दिला. हा त्यांचा समजूतदारपणा होता. सगळीकडे तो भेटतोच असं नाही.

हिशेब उघडला तेव्हा

दहावी-बारावीच्या गुणपत्रिका अर्जानंतर थोड्याच दिवसांत मिळाल्या. लेखी उत्तर आलं नाही. फोन आला, "येऊन घेऊन जा." त्या रकान्यात महाविद्यालयाला लिहिण्यासारखं कारणच नव्हतं.

हिशेब मात्र लेखी आला, आणि त्यानं दोन्ही बाजूंच्या समजुतींना धक्का दिला. ४१,५०० पैकी १२,००० रुपये दुसऱ्या वर्षाच्या शिष्यवृत्तीच्या दुसऱ्या हप्त्याचे होते. मुलीच्या मते तो हप्ता आलाच नव्हता. महाडीबीटीच्या तिच्या लॉगिनमध्ये मात्र तो वितरित दिसत होता. पैसे आधारशी जोडलेल्या खात्यात जातात, आणि तिचं आधार शाळेत असताना उघडलेल्या एका जुन्या शून्य शिलकीच्या खात्याशी जोडलेलं होतं. ते खातं घरात कोणाच्या लक्षातही नव्हतं. पासबुक भरून आणलं तर रक्कम तिथे पडून. ती त्याच आठवड्यात महाविद्यालयाला भरली. देणं खरं होतं आणि ते दिलं गेलं.

२१,५०० रुपये तिसऱ्या वर्षाच्या योजनेचे. "शासनाकडून आलेले नाहीत" असा शेरा त्यापुढे होता. पोर्टलवर अर्जाची स्थिती पाहिली तर तो शासनाकडे पोचलाच नव्हता. विद्यार्थ्याचा अर्ज आधी महाविद्यालयाच्या लॉगिनला जातो, तिथे क्लार्क आणि प्राचार्यांच्या पातळीवर छाननी होते आणि मगच तो विभागाकडे सरकतो. हा अर्ज महाविद्यालयाच्याच लॉगिनमध्ये महिनोन्महिने प्रलंबित होता. ज्या पैशांसाठी कागद अडवले होते ते पैसे महाविद्यालयानं स्वतःच अडवून धरले होते, आणि अकरा-बारा तास मशीनवर उभा राहणारा बाप ते आपलं देणं समजून उसनवारीला निघाला होता. पोर्टलवरच्या स्थितीचा स्क्रीनशॉट पत्राला जोडून गेल्यावर अर्ज पुढे सरकला.

उरलेले ८,००० "इतर शुल्क". त्याची फोड पत्रात नव्हती. पुन्हा मागितल्यावर प्रवेशाच्या वेळी घेतलेली परत करण्याजोगी २,००० रुपयांची अनामत त्यातून वळती करायचं मान्य झालं. ६,००० उरले.

तक्रार निवारण समिती

छापील गुणपत्रिका आणि टीसी अजूनही अडलेली होती. तेव्हा आयोगाच्या विद्यार्थी तक्रार निवारण विनियम, २०२३ चा आधार घेतला. प्रत्येक संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती असली पाहिजे, तिची माहिती संकेतस्थळावर आणि माहितीपत्रकात असली पाहिजे. प्रवेशासाठी जमा केलेले कागद फी उकळण्यासाठी अडवणं आणि विद्यार्थ्याला मिळायच्या शिष्यवृत्तीला विलंब होणं, हे दोन्ही विषय विनियमांतल्या तक्रारीच्या व्याख्येत आहेत. कागदांबद्दलचं कलम मात्र "विद्यार्थ्याला जो अभ्यासक्रम पुढे शिकायचा नाही त्याची फी" अशा शब्दांत आहे. म्हणजे प्रवेश सोडून जाणारा विद्यार्थी डोळ्यांसमोर ठेवून लिहिलेलं. आमची मुलगी अभ्यासक्रम पूर्ण करून निघाली होती. म्हणून तक्रारीत मुख्य भर शिष्यवृत्तीच्या विलंबावर ठेवला, अडवलेली गुणपत्रिका आणि टीसी हा त्या विलंबाचा परिणाम म्हणून मांडला, आणि २०१८ च्या अधिसूचनेचा भंग वेगळा परिच्छेद करून लिहिला. माझ्या मते विनियमांतली ही उणीव आयोगानं दूर करायला हवी. पदवी पूर्ण केलेल्या मुलाचे कागद अडवणं कमी अन्यायाचं नाही.

महाविद्यालयाच्या संकेतस्थळावर समितीची यादी होती, पण त्यातले दोन प्राध्यापक नोकरी सोडून गेलेले. समिती पुन्हा गठित झाल्याशिवाय सुनावणी होणं शक्य नव्हतं. विनियमांनुसार समितीनं तक्रार मिळाल्यापासून शक्यतो कामकाजाच्या १५ दिवसांत अहवाल द्यायचा असतो, त्यावर नाराज विद्यार्थ्याला १५ दिवसांत लोकपालांकडे अपील करता येतं, आणि लोकपालांनी ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करायचा असतो. लोकपाल निवृत्त कुलगुरू, निवृत्त प्राध्यापक किंवा माजी जिल्हा न्यायाधीश असतात आणि विद्यापीठ ते संलग्न महाविद्यालयांसाठी नेमतं. विद्यार्थ्याला सुनावणीला स्वतः हजर राहता येतं किंवा प्रतिनिधी पाठवता येतो. समिती पुन्हा गठित झाल्यावर सुनावणीला मुलगी स्वतःच गेली. तिनं तीन रकान्यांचा कागद आणि आवक क्रमांक असलेल्या प्रती समितीसमोर क्रमानं ठेवल्या. समितीतल्या एका प्राध्यापिकेनं तिथेच विचारलं, "गुणपत्रिका विद्यापीठाची आहे, मग आपण ती कशाच्या जोरावर थांबवलीय?" लेखा विभागाकडे उत्तर नव्हतं. गुणपत्रिका त्याच दिवशी हातात पडली. विद्यापीठाच्या परीक्षा विभागाचं उत्तर नंतर आलं. निकालानंतर काही दिवसांतच गुणपत्रिका महाविद्यालयाकडे रवाना झाल्याची तारीख त्यात होती.

टीसी आठवड्यानं मिळाली, पण शेऱ्याच्या रकान्यात "फी बाकी" असं लिहून. असा शेरा पुढच्या प्रत्येक पडताळणीत मुलीच्या अंगाला चिकटून राहिला असता. आम्ही ती टीसी स्वीकारली नाही. शेरा कोणत्या नियमानं मारला ते लेखी विचारलं, मद्रासच्या निर्णयाचा संदर्भ दिला आणि लोकपालांकडे अपिलाचा मसुदा तयार असल्याचं कळवलं. उच्च न्यायालयात रिट करायची वेळ आली असती तर तिचीही तयारी होती. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ नुसार महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेशीर मदत मिळते, आणि ठाण्याच्या जिल्हा न्यायालयात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे. ती वेळ आली नाही. दुसरी टीसी आली, शेऱ्याचा रकाना कोरा.

आजची स्थिती

मुलीचा प्रवेश नियमित झाला. तिसऱ्या वर्षाची शिष्यवृत्ती मंजूर होऊन महाविद्यालयाच्या हिशेबात जमा झाली. ६,००० रुपये वडिलांनी हप्त्यांत भरले, प्रत्येक हप्त्याची पावती घेतली आणि शेवटी बाकी शून्य असल्याचं पत्रही मागून घेतलं. पदवी प्रमाणपत्राच्या १८० दिवसांची मुदत मोजण्यासाठी तिनं निकालाची तारीख वहीत लिहून ठेवली आहे. उशीर झाला तर विद्यापीठाला आणि आयोगाच्या ई-समाधान पोर्टलवर काय लिहायचं ते तिला आता माझ्याशिवाय जमतं.

समितीकडे केलेल्या तक्रारीतली एक मागणी मात्र मान्य झालेली नाही. हमीपत्रातलं "मूळ कागदपत्रे ताब्यात राहतील" हे वाक्य काढून टाकावं, अशी ती मागणी होती. तो विषय आपल्या कक्षेत नाही, असं समितीनं अहवालात नोंदवलं. अपील तेवढ्याच मुद्द्यावर लोकपालांकडे दाखल केलं आहे. त्याला यंदाच्या प्रवेश अर्जासोबत दिल्या गेलेल्या हमीपत्राची कोरी प्रत जोडली आहे, कारण दुसरं वाक्य त्यात जसंच्या तसं छापलेलं आहे.